प्लुटोनियमची तोफ: लॉस अलामोस, जुलै १९४४

१७ जुलै १९४४ रोजी शिकागो येथे झालेल्या बैठकीत लॉस अलामोस प्रयोगशाळेचे प्रमुख रॉबर्ट ओपेनहायमर, अमेरिकेच्या अणुबाँब प्रकल्पाचे लष्करी प्रमुख जनरल लेस्ली ग्रोव्ह्ज आणि जेम्स कोनंट, आर्थर कॉम्प्टन व एन्रिको फर्मी हे शास्त्रज्ञ यांनी प्लुटोनियमच्या तोफेचे, म्हणजे तोफेच्या तत्त्वावर चालणाऱ्या प्लुटोनियम बाँबचे, काम बंद करण्याचा निर्णय घेतला. दुसऱ्याच दिवशी ओपेनहायमर यांनी ग्रोव्ह्ज यांना पत्र लिहून तो निर्णय कागदावर आणला. अणुबाँब बनवण्यासाठी न्यू मेक्सिकोत उभारलेली लॉस अलामोसची गुप्त प्रयोगशाळा सुरू होऊन तेव्हा जेमतेम सव्वा वर्ष झाले होते आणि त्या सव्वा वर्षात तिची सगळ्यात मोठी भिस्त याच तोफेवर होती. अणुबाँबच्या शर्यतीची हकिकत सांगताना बहुधा ट्रिनिटी ही पहिली चाचणी आणि हिरोशिमा यांच्यावरच भर दिला जातो. पण ती शर्यत आतून कशी चालत होती, चूक कशी उघडी पडत होती, कोणत्या प्रश्नाला तिथे तातडीने उत्तर शोधले जात होते आणि कोणता प्रश्न बाजूला राहत होता, हे समजून घ्यायचे असेल तर मला १९४४ चा जुलै महिना अधिक बोलका वाटतो.

तोफेची मूळ कल्पना

विखंडनशील, म्हणजे ज्याच्या अणूंचे केंद्रक न्यूट्रॉनच्या धडकेने फुटते अशा, धातूचा गोळा एका ठरावीक वस्तुमानापेक्षा लहान असेल तर त्यातून न्यूट्रॉन बाहेर निसटतात आणि साखळी अभिक्रिया टिकत नाही. त्यापेक्षा मोठा असेल तर ती टिकते आणि क्षणार्धात वाढत जाते. म्हणून बाँबमध्ये धातूचे दोन तुकडे वेगवेगळे ठेवायचे आणि नेमक्या क्षणी एकत्र आणायचे, हा सर्वांत सरळ विचार होता. एक तुकडा तोफेच्या नळीच्या टोकाला बसवायचा आणि दुसरा गोळीसारखा त्याच्यावर झाडायचा. तोफांचे शास्त्र जुने होते, ते जाणणारी माणसे नौदलात होती आणि त्यांतले एक, कॅप्टन विल्यम पार्सन्स, लॉस अलामोसमध्ये शस्त्रविभागाचे प्रमुख होऊन आले होते.

या रचनेला एकच मोठा धोका होता. दोन तुकडे एकमेकांजवळ येत असताना, पण पुरते जुळण्याआधी, एखादा भरकटलेला न्यूट्रॉन मध्ये आला तर अभिक्रिया वेळेआधीच पेटते, तापलेला धातू फाकतो आणि बाँब फुसका निघतो. युरेनियम २३५ मध्ये असे न्यूट्रॉन फार कमी असतात. प्लुटोनियममधून मात्र अल्फा कणांचा सतत मारा होत असतो आणि बेरिलियम किंवा बोरॉन यांसारख्या हलक्या मूलद्रव्यांचा अंश त्यात शिल्लक असेल तर त्या कणांच्या धडकेने न्यूट्रॉन सुटतात. त्यावर उपाय दोन होते: धातू अत्यंत शुद्ध करणे आणि गोळी अत्यंत वेगाने झाडणे. रसायनशास्त्रज्ञांनी दहा लाखांत काही भाग इतक्या शुद्धतेचा ध्यास घेतला आणि तोफेसाठी सेकंदाला सुमारे ९०० मीटर वेग ठरला. त्या वेगासाठी नळी सव्वापाच मीटरच्या आसपास लांब ठेवावी लागणार होती. या लांबुडक्या बाँबचे टोपणनाव ‘थिन मॅन’ होते. तो पोटात मावावा म्हणून बी-२९ विमानाचे बाँब ठेवण्याचे दोन कप्पे जोडून एक करावे लागले. मार्च १९४४ मध्ये पहिल्या दोन नळ्या लॉस अलामोसला पोहोचल्या होत्या.

एवढा खटाटोप प्लुटोनियमसाठीच का, याचे कारण पुरवठ्यात होते. टेनेसी राज्यातील ओक रिज येथे युरेनियम २३५ इतक्या संथपणे वेगळे होत होते की १९४५ च्या उन्हाळ्यापर्यंत एका बाँबपुरतेच साचेल, असा अंदाज होता आणि तो खराही ठरला. प्लुटोनियम मात्र वॉशिंग्टन राज्यातील हॅनफर्ड येथे अणुभट्ट्यांमध्ये तयार व्हायचे होते आणि एकदा भट्ट्या सुरू झाल्या की ते महिन्यामागून महिना येत राहणार होते. एक बाँब आणि बाँबची मालिका यांतला फरक प्लुटोनियमवर अवलंबून होता. त्यासाठी कोलंबिया नदीकाठची हॅनफर्ड आणि व्हाइट ब्लफ्स ही गावे १९४३ मध्ये उठवण्यात आली, पिढ्यान्‌पिढ्या तिथे मासेमारी करणारे वानापम लोक आपल्या किनाऱ्याला मुकले आणि ऐन भरात असताना त्या बांधकामावर सुमारे ४५ हजार कामगार राबत होते.

दरीतली केबिन

एमिलिओ सेग्रे हे फर्मी यांचे रोममधले जुने सहकारी. मुसोलिनीच्या ज्यूविरोधी कायद्यांमुळे त्यांची इटलीतली प्राध्यापकी गेली आणि ते बर्कलेला राहिले. लॉस अलामोसमध्ये त्यांच्याकडे आलेले काम वरकरणी किरकोळ होते: युरेनियम आणि प्लुटोनियम यांच्या अणूंचे केंद्रक बाहेरून काहीही न आदळता आपोआप किती वेळा फुटते, हे मोजायचे. या उत्स्फूर्त विखंडनाचा शोध १९४० मध्ये सोव्हिएत संघातील गिओर्गी फ्लेरोव्ह आणि कॉन्स्टंटिन पेत्रझाक यांनी लावला होता. (त्या शोधावर अमेरिकेतून काहीच प्रतिसाद आला नाही आणि विखंडनाविषयीचे लेखनच तिकडच्या नियतकालिकांतून नाहीसे झाले, हे पाहून फ्लेरोव्ह यांनी अमेरिकन लोक गुप्तपणे बाँबच्या मागे आहेत असा निष्कर्ष काढला आणि एप्रिल १९४२ मध्ये थेट स्टालिन यांना पत्र लिहिले. या शर्यतीत छापून आलेल्या निबंधाइतकाच न छापलेला निबंधही बोलत होता.)

मुख्य प्रयोगशाळेच्या परिसरात किरणोत्साराचा गलबला फार असल्याने सेग्रे यांनी आपले बिऱ्हाड दूर पजारितो दरीत हलवले. तिथे ओंडक्यांची एक जुनी केबिन होती, भोवती पाइनचे रान होते आणि जीपशिवाय तिथे जाता येत नसे. हाताशी असलेला नमुना मायक्रोग्रॅममध्ये मोजण्याइतका, डोळ्यांना डागासारखा दिसणारा. तो आयनीभवन कक्षात ठेवायचा, यंत्राला जोडायचा आणि थांबायचे. एक केंद्रक फुटले की एक ठोका. सायक्लोट्रॉनमध्ये (कणांना वेग देणाऱ्या यंत्रात) बनवलेल्या प्लुटोनियमच्या त्या कणभर नमुन्यातून महिन्याभरात येणारे ठोके बोटांवर मोजता येतील इतके कमी असत. त्यामुळे एखादा ठोका विजेच्या झटक्याचा होता की खऱ्या विखंडनाचा, यावरून सगळा हिशेब इकडचा तिकडे होऊ शकत होता. सेग्रे आणि त्यांचे तरुण सहकारी, ज्यांत ओवेन चेंबरलेन आणि क्लाइड वीगंड होते, महिनोन्‌महिने हे करत राहिले. युद्धकाळातल्या एवढ्या घाईच्या प्रकल्पात कुणीतरी इतक्या सावकाश मोजत बसले होते आणि त्यांना कुणी उठवले नाही, ही गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते.

१९४३ च्या अखेरीस त्यांच्या हाती एक चांगली बातमी लागली. युरेनियम २३५ चा दर बर्कलेपेक्षा लॉस अलामोसमध्ये जास्त येत होता, कारण सुमारे २,२०० मीटर उंचीवर अवकाशातून येणाऱ्या विश्वकिरणांतले न्यूट्रॉन अधिक होते आणि तेच विखंडन घडवत होते. नमुन्याभोवती आडोसा करताच दर खाली आला. म्हणजे युरेनियमच्या तोफेला इतका वेग लागणार नव्हता आणि ती बरीच आखूड करता येणार होती. हिरोशिमावर पडलेल्या ‘लिटल बॉय’चा आकार या मोजमापातून ठरला.

प्लुटोनियमची बातमी एप्रिल १९४४ मध्ये आली. तोपर्यंतचे नमुने सायक्लोट्रॉनचे होते. ओक रिजची ग्रॅफाइट भट्टी ४ नोव्हेंबर १९४३ रोजी सुरू झाली होती आणि तिच्यातून निघालेले प्लुटोनियम आता प्रथमच सेग्रे यांच्या कक्षात आले. त्यातून मिळणारा उत्स्फूर्त विखंडनाचा दर आधीच्या नमुन्यांच्या सुमारे पाचपट होता.

कारण समजायला वेळ लागला नाही. भट्टीत न्यूट्रॉनचा मारा दीर्घकाळ चालतो. प्लुटोनियम २३९ च्या केंद्रकावर न्यूट्रॉन आदळला की ते बहुधा फुटते, पण काही वेळा तो न्यूट्रॉन गिळून प्लुटोनियम २४० बनते, आणि हे २४० आपणहून फुटत राहते. प्लुटोनियमच्या शोधकांपैकी एक, ग्लेन सीबोर्ग, यांनी १९४३ च्या मार्चमध्येच ही शक्यता बोलून दाखवली होती. हॅनफर्डच्या भट्ट्यांत मारा ओक रिजपेक्षा कितीतरी जास्त असणार होता, म्हणजे तिथल्या मालात २४० चे प्रमाणही जास्त असणार होते. मे आणि जून हे दोन महिने मोजमापे पुन्हा पुन्हा पडताळण्यात गेले आणि ४ जुलै रोजी ओपेनहायमर यांनी प्रयोगशाळेतील मंडळींसमोर निकाल मांडला.

आज ज्ञात असलेले आकडे घेऊन हा हिशेब कुणालाही करता येतो. सहा किलो प्लुटोनियममध्ये शेकडा एक या प्रमाणात २४० धरले तर ते साठ ग्रॅम होते. त्याच्या प्रत्येक ग्रॅममधून सेकंदाला सुमारे हजार न्यूट्रॉन बाहेर पडतात, म्हणजे एकूण साठ हजार; सरासरीने दर सतरा मायक्रोसेकंदांना एक. सेकंदाला ९०० मीटर वेगाने निघालेल्या गोळीला शेवटचे दहा सेंटिमीटर ओलांडायला शंभराहून अधिक मायक्रोसेकंद लागतात. तेवढ्या अवधीत सहा-सात न्यूट्रॉन उपटणार. तोफ कितीही लांब केली तरी ती जिंकणार नव्हती. २३९ मधून २४० वेगळे काढावे, तर दोघांच्या वस्तुमानात फक्त एका एककाचा फरक; तीन एककांचा फरक असलेल्या युरेनियमच्या समस्थानिकांना वेगळे करण्यासाठी ओक रिजला एक अख्खे शहर उभे करावे लागले होते. तो मार्गही बंद होता. रसायनशास्त्रज्ञांनी ज्या कमालीच्या शुद्धतेसाठी रात्रीचा दिवस केला होता, तिची अटही या एका मोजमापाने सैल झाली. न्यूट्रॉन आता अशुद्धीतून येत नव्हते, प्लुटोनियममधूनच येत होते.

बाजूला पडलेली कल्पना

या संकटातून प्रयोगशाळा वाचली, कारण एक पर्याय तिने पुरता टाकून दिला नव्हता. एप्रिल १९४३ मधल्या अगदी पहिल्या व्याख्यानांच्या वेळी सेथ नेडरमायर या भौतिकशास्त्रज्ञाने सुचवले होते की तुकडे एकमेकांवर झाडण्याऐवजी धातूभोवती सर्व बाजूंनी स्फोटके लावावीत आणि त्यांच्या दाबाने तो आत चेपावा. याला आपण अंतःस्फोट म्हणू. बहुतेकांना ते अशक्य वाटले. पार्सन्स यांचा तर त्यावर मुळीच विश्वास नव्हता. तरी ओपेनहायमर यांनी नेडरमायर यांना एक छोटा गट दिला. जुलै १९४३ मध्ये त्यांनी लोखंडी नळ्यांभोवती स्फोटके बांधून एका कोरड्या ओहोळात ती उडवली. नळ्या चेपल्या खऱ्या, पण वेड्यावाकड्या आणि एकीकडून पिळवटलेल्या.

त्या शरद ऋतूत गणिती जॉन फॉन नॉयमन भेटीला आले आणि चित्र बदलू लागले. स्फोटके भरपूर वापरली आणि वेग वाढवला तर घन धातूसुद्धा दाबला जाऊन अधिक दाट होतो, त्यामुळे कमी प्लुटोनियम पुरते आणि मायक्रोसेकंदांच्या त्या खेळात २४० चे न्यूट्रॉन मागे पडतात, हे आता उमगले. स्फोटकांचे जाणकार जॉर्ज किस्तियाकोव्स्की १९४४ च्या सुरुवातीला पूर्ण वेळ रुजू झाले. एकटे, सावकाश आणि आपल्या पद्धतीने काम करणारे नेडरमायर आणि मोठी यंत्रणा हाकू पाहणारे किस्तियाकोव्स्की यांचे पटले नाही; जूनमध्ये ओपेनहायमर यांनी सूत्रे किस्तियाकोव्स्की यांच्याकडे दिली. कल्पना ज्याची, त्याच्या हातातून ती अशी गेली. कामाच्या दृष्टीने तो निर्णय बरोबर होता असे म्हणावे लागते, पण वर्षभर सगळ्यांचा नकार सोसून ती कल्पना नेडरमायर यांनीच जिवंत ठेवली होती आणि त्या श्रेयाचा उल्लेख अनेकदा राहून जातो.

शिकागोच्या बैठकीनंतर महिन्याभरात प्रयोगशाळेचा नकाशा बदलला. रॉबर्ट बाकर यांच्याकडे बाँबच्या भौतिकीचा विभाग आला, किस्तियाकोव्स्की यांच्याकडे स्फोटकांचा. युरेनियमची तोफ फ्रान्सिस बर्च यांच्या छोट्या गटावर सोपवण्यात आली. उरलेली जवळजवळ सगळी शक्ती अंतःस्फोटाच्या मागे लावण्यात आली. एखाद्या मोठ्या सरकारी प्रकल्पात, कोट्यवधी डॉलर खर्च झाल्यावर, आपली मुख्य रचना चालणार नाही हे वरिष्ठांनी मान्य करणे आणि चार आठवड्यांत माणसे, खोल्या व अधिकार नव्याने वाटणे, हे विरळाच घडते. ते इथे घडले, कारण मोजणाऱ्याचा शब्द प्रमुखापर्यंत मधे कुठे न अडता पोहोचत होता.

अंतःस्फोटाचा गाभा असलेली अडचण अशी होती की स्फोटाची लाट जिथे ठिणगी पडते तिथून बाहेर पसरत जाते, तर धातू चेपायला आत मिटत जाणारी लाट हवी. ब्रिटिश पथकातील जेम्स टक यांनी भिंगाची कल्पना पुढे केली: काच जशी प्रकाशाला वळवते तशी वेगाने आणि संथपणे फुटणाऱ्या दोन स्फोटकांची जोडणी लाटेला वळवील. फॉन नॉयमन यांनी तिचे गणित बसवले. प्रत्यक्ष बाँबमध्ये अशी बत्तीस भिंगे होती, वीस षट्कोनी आणि बारा पंचकोनी, फुटबॉलच्या चामड्याच्या तुकड्यांसारखी एकमेकांना भिडलेली. ती वितळलेल्या स्फोटकाने साच्यात ओतली जात आणि हे काम मुख्यतः सैन्यातून पाठवलेली तरुण मुले करत. निवताना आत हवेचा बुडबुडा राहिला किंवा कड उडाली की तो ठोकळा बाद. बत्तीसही ठिकाणी ठिणगी एकाच क्षणी पडावी यासाठी लुइस आल्वारेझ आणि लॉरेन्स जॉन्स्टन यांनी विजेने तार उडवणारे नवे स्फोटप्रेरक तयार केले. आतला गोळा खरोखर दाबला जातो का, हे बघण्यासाठी ब्रुनो रॉसी यांच्या गटाने मध्यभागी किरणोत्सारी लँथॅनम ठेवून स्फोट घडवले आणि गॅमा किरण किती मंदावतात ते मोजले. १४ डिसेंबर १९४४ च्या प्रयोगात दाबाचा पहिला ठोस पुरावा मिळाला. पुढे २८ फेब्रुवारी १९४५ रोजी ओपेनहायमर आणि ग्रोव्ह्ज यांनी रॉबर्ट ख्रिस्ती यांचा भरीव गोळा आणि स्फोटक भिंगे ही रचना कायम केली.

ट्रिनिटीच्या चाचणीला आठवडा उरला असताना क्ष-किरणांत काही ठोकळ्यांमध्ये पोकळ्या दिसल्या. बदली ठोकळे पुरेसे नव्हते. किस्तियाकोव्स्की यांनी दंतवैद्याचे कोरण्याचे यंत्र घेतले आणि रात्रभर एकट्याने बसून, प्रत्येक पोकळीपर्यंत भोक पाडून, त्यात वितळलेले स्फोटक भरले. मांडीवर वीस-पंचवीस किलो स्फोटक असताना ते फुटले तर काळजी करायला आपण उरणारच नाही, असे ते नंतर सांगत.

१६ जुलै १९४५ च्या पहाटे ५ वाजून २९ मिनिटांनी न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात तीस मीटर उंच मनोऱ्यावर हे यंत्र उडाले. शिकागोच्या त्या बैठकीला वर्ष पुरे व्हायला एक दिवस बाकी होता. भट्टीतल्या प्लुटोनियमचा हा स्वभाव पुढे सर्वांनाच मानावा लागला. १९७४ मध्ये पोखरणला झालेल्या भारताच्या पहिल्या चाचणीतही मुंबईत ट्रॉम्बे येथील सायरस भट्टीतले प्लुटोनियम अंतःस्फोटानेच दाबले गेले होते.

न विचारलेला प्रश्न

तांत्रिक प्रकरण इथे संपते. पण हे सर्व ज्या कारणासाठी चालले होते, त्या कारणाचे त्याच महिन्यांत काय झाले, हे सोबत ठेवल्याशिवाय हा अभ्यास अपुरा आहे. नाझी जर्मनी बाँब आधी बनवील या भीतीने ही शर्यत सुरू झाली होती आणि सेग्रे यांच्यासारख्या, युरोपातून हाकलल्या गेलेल्या माणसांसाठी ती भीती अगदी खरी होती. नोव्हेंबर १९४४ च्या अखेरीस जर्मनीच्या अणुसंशोधनाचा माग काढणारे अमेरिकेचे अल्सोस पथक मुक्त झालेल्या स्ट्रासबुर्गमध्ये शिरले. पथकातले भौतिकशास्त्रज्ञ सॅम्युएल गौडस्मिट यांनी तिथे सापडलेली जर्मन भौतिकशास्त्रज्ञ कार्ल फॉन वाइत्झॅकर यांची कागदपत्रे वाचली आणि जर्मनीकडे बाँब नाही, तो जवळपासही नाही, हे स्पष्ट झाले. म्हणजे रॉसी यांच्या गटाला दाबाचा पहिला पुरावा मिळाला, त्या सुमारास शर्यतीतला प्रतिस्पर्धी मैदानात नव्हताच. जर्मनी बाँब बनवत नाही असे दिसू लागल्यावर डिसेंबर १९४४ मध्ये भौतिकशास्त्रज्ञ जोसेफ रॉटब्लाट लॉस अलामोस सोडून गेले. बाकीचे थांबले. रॉबर्ट विल्सन यांनी या यंत्राचे पुढे काय, यावर चर्चा करायला सभा बोलावली, ती झाली आणि काम चालू राहिले.

मी इथे त्या माणसांवर आज बसून निवाडा देऊ इच्छित नाही. पॅसिफिकमध्ये युद्ध सुरूच होते आणि रोज माणसे मरत होती. तरीही दोन गोष्टी शेजारी ठेवल्यावर जे दिसते ते सांगायलाच हवे. प्लुटोनियमचा दर पाचपट आहे, या बातमीने तीन महिन्यांत अख्खी प्रयोगशाळा फिरली. जर्मनीकडे बाँब नाही, या बातमीने तिच्या कामाचा वेगही कमी झाला नाही. पहिल्या बातमीसाठी प्रयोगशाळेत मोजमाप, पडताळणी, सभा आणि निर्णय अशी वाट आखलेली होती. दुसऱ्या बातमीसाठी तशी कोणतीच वाट नव्हती आणि ती कुणी आखलीही नाही.

जिच्याविषयी लॉस अलामोसमध्ये बहुतेकांना कल्पना नव्हती, ती खरी शर्यत तर आतच सुरू होती. ऑगस्ट १९४४ मध्ये रुडॉल्फ पायर्ल्स यांच्या अंतःस्फोटाच्या गटात क्लाउस फुक्स दाखल झाले. जून १९४५ मध्ये सांता फे येथे त्यांनी प्लुटोनियम बाँबचा तपशील सोव्हिएत हस्तकाच्या हाती दिला आणि २९ ऑगस्ट १९४९ रोजी सोव्हिएत संघाने उडवलेला पहिला बाँब जवळजवळ त्याच रचनेचा होता.

९ ऑगस्ट १९४५ रोजी सकाळी ११ वाजून २ मिनिटांनी ‘फॅट मॅन’ हा अंतःस्फोटाचा प्लुटोनियम बाँब नागासाकीच्या उराकामी भागावर फुटला. त्याच्या पोटातला प्लुटोनियमचा गोळा ६.२ किलोचा, एका हातात मावेल एवढा होता. वर्ष सरेपर्यंत तिथले सुमारे सत्तर हजार लोक मरण पावले असावेत, असे मानले जाते. हॅनफर्डचा पुरवठा ठरल्याप्रमाणे चालू होता. दुसऱ्याच दिवशी ग्रोव्ह्ज यांनी कळवले की पुढचा बाँब १७-१८ ऑगस्टनंतर हवामान साथ देताच टाकता येईल. आपल्या परवानगीखेरीज आणखी बाँब टाकू नये, असा आदेश अध्यक्ष ट्रुमन यांनी दिला आणि पाच दिवसांत जपानने शरणागती पत्करली.

त्या पुढच्या बाँबसाठी ठेवलेला गोळा लॉस अलामोसमध्येच राहिला. २१ ऑगस्ट १९४५ रोजी त्याच्यावर प्रयोग करताना हॅरी डॅग्लियन यांना किरणोत्साराचा घातक मारा बसला आणि पंचवीस दिवसांनी ते गेले. २१ मे १९४६ रोजी तोच गोळा बेरिलियमच्या दोन अर्ध्या कवचांमध्ये ठेवून, वरचे कवच स्क्रू-ड्रायव्हरने किंचित उचलून धरत लुई स्लोटिन सहकाऱ्यांना प्रयोग दाखवत होते. स्क्रू-ड्रायव्हर निसटला, खोलीत निळा प्रकाश चमकला आणि स्लोटिन यांनी कवच हाताने उलटवून टाकले. नऊ दिवसांनी त्यांचा मृत्यू झाला. ही खोली पजारितो दरीत होती, जिथे दोन वर्षांपूर्वी सेग्रे एकेक ठोका मोजत बसले होते.